संडरलंडचं अर्धं जहाज

१

"उपासना, हे माझं जहाज नाही," उल्हासकाका म्हणाले आणि त्यांनी आधी खोलीचं दार लावून घेतलं.

जहाज तर भिंतीवरच होतं. म्हणजे जहाजाचं अर्धं मॉडेल. लांबीला दोनेक हात, नारळ फोडावा तसं उभं दुभंगलेलं, सपाट बाजू जुन्या लाकडी पाटावर स्क्रूनं बसवलेली आणि फुगीर बाजू खोलीकडे. फिक्या आणि गडद लाकडाचे थर एकावर एक. खाली पितळी पट्टी, तिच्यावर संडरलंडच्या एका जुन्या यार्डाचं नाव. उपासना मेश्रामनं ते ह्यूस्टनजवळच्या शुगर लँडच्या या घरात कित्येकदा पाहिलं होतं आणि आजही तिला ते तेच वाटलं.

उपासना नागपूरची, ह्यूस्टनच्या बंदरात मरीन सर्व्हेयर. बोटीला भोक पडलं की ते लाटेनं पडलं की मालकानं पाडलं, हे सांगायचं तिचं काम. वीस वर्षं हे केल्यावर माणूस घरच्या चहाचा कपसुद्धा आधी हुंगून पाहतो. काकांचं आणि तिचं जमायचं ते बोटींमुळेच. दोघं बोलायला लागली की घरातले बाकीचे हळूच उठून जात.

"कधी कळलं तुम्हाला?"

"खंडेनवमीला. हत्यारांची पूजा करतो ना मी. त्या दिवशी तुला फोन लावला, तर तू नव्हतीस."

खरं होतं. धम्मचक्र प्रवर्तन दिनाच्या कार्यक्रमाची सगळी व्यवस्था तिच्याकडे होती, आणि तो आटोपला तशी ती गॅल्व्हस्टनला एका आपटलेल्या मालवाहू बार्जपाशी जाऊन बसली होती. तेवढ्या दिवसांत इकडे बरंच रामायण घडलं होतं. काका जहाज बदललंय म्हणाले. मुलगा सुशांत म्हणाला, बाबा, तुम्हाला भास होतोय. मग तो त्यांना डॉक्टरांकडे घेऊन गेला. म्हातारा माणूस, बायको जाऊन दोन वर्षं झालेली, त्यात घरातल्या वस्तू कुणीतरी बदलतंय म्हणतो. डॉक्टरांनी मान हलवून स्मृतिभ्रंशाच्या तज्ज्ञाकडे पाठवलं. ती अपॉइंटमेंट उद्या सकाळी होती. मुलगी आसावरी त्यासाठीच दुसऱ्या राज्यातल्या नेपरव्हिलहून आली होती. तिच्या घराजवळच्या मेमरी केअर सेंटरमध्ये एक खोली तिनं धरून ठेवली होती.

"उद्या तिथं मी काय बोलू?" काका म्हणाले. "खरं बोललो तर वेडा ठरतो. खोटं बोललो तर चोर सुटतो. तू एकदा नीट बघ."

उपासनानं टॉर्च काढला. पाट जुना होता. पट्टी जुनी होती, खाचेत कित्येक वर्षांचा मळ. मॉडेल पाटाला धरणाऱ्या स्क्रूंची डोकीसुद्धा गंजून काळी पडलेली.  बोटीच्या बाबतीत एवढं पाहून तिनं रिपोर्टवर सही केली असती, आणि तो रिपोर्ट काकांच्या विरुद्ध गेला असता.

२

"आता माझं ऐक," काका खुर्चीत टेकत म्हणाले. "हे अर्धंच का असतं, माहितेय ना?"

तिला माहीत होतं, पण तिनं बोलू दिलं.

संडरलंड म्हणजे उत्तर इंग्लंडात वेअर नदीच्या मुखावरचं गाव. शेकडो वर्षं त्या गावानं जहाजं बांधली. नवं जहाज पाण्यात सोडायचं असलं की बायका पोरांना कडेवर घेऊन पुलावर उभ्या राहत. लाकडी जहाजांच्या जमान्यात तिथले कारागीर आधी कागदाला हात लावतच नसत. लाकडाचे पातळ थर खुंट्यांनी एकावर एक बसवायचे आणि त्यातून अर्धं जहाज कोरायचं. दोन्ही बाजू सारख्याच, मग दुसरी कशाला कोरा? हात फिरवून समाधान झालं की थर सुटे करायचे, एकेकाचं माप घ्यायचं आणि त्यावरून खरं जहाज आखायचं. आधी हाताला पटायचं, मग कागदावर उतरायचं.

काका सत्तरच्या दशकात तिथल्या ड्रॉइंग ऑफिसात लागले. सुशांत जन्मला तिथंच. ऐंशीच्या दशकाच्या शेवटी यार्ड बंद पडलं, तेव्हा जॉर्ज नावाच्या म्हाताऱ्या आखणीकारानं आपल्या पणज्यानं कोरलेलं हे मॉडेल काकांच्या हाती दिलं. म्हणाला, इथं आता हे भंगारात जाईल, तू ने, पण गावाला पुन्हा गरज वाटली तर परत आण. काका नोकरीसाठी टेक्सासला आले, मॉडेलही आलं. आता जॉर्जची नात त्या गावात जहाजांचं छोटं संग्रहालय चालवत होती आणि पुढच्या आठवड्यात ते न्यायला येणार होती.

"दर खंडेनवमीला मी ते पाटावरून उतरवतो. वरचा थर ओढला की निघतो. आत पुसायचं, खुंट्यांना जवसाचं तेल लावायचं, पुन्हा बसवायचं. यंदा थर निघेना. म्हणजे अडकलाय असं नाही. तो निघण्यासाठी बनवलेलाच नाही."

"थर निघताना दुसऱ्या कुणी पाहिलंय?"

"तुझ्या काकूनं."

म्हणजे साक्षीदार नाही. उपासनानं दिवा बंद केला आणि टॉर्च पाटाला अगदी चिकटवून तिरपा धरला. तपकिरी पाट खिडकीतल्या उन्हानं विटून फिका झाला होता. मॉडेलच्या वरच्या काठालगत मात्र न विटलेल्या लाकडाची एक गडद रेघ दिसत होती. खालच्या काठालाही तशीच. जाडी नखाएवढी. भिंतीवरचं जुनं कॅलेंडर काढून लहान कॅलेंडर लावलं की कडेनं दिसते तशी. पुढच्या टोकाला, म्हणजे नाळेकडे, आणि मागच्या टोकाला मात्र काहीच नव्हतं. तिथं कड कडेला बरोबर भिडत होती.

वर्षानुवर्षं या पाटावर याहून किंचित उंच जहाज बसलं होतं.

"काका," ती हळूच म्हणाली, "तुम्ही शंभर टक्के शुद्धीवर आहात. पण हे तासभर कुणाला सांगू नका."

काकांनी चष्मा काढून डोळे पुसले. खंडेनवमीपासून त्यांना कुणी खरं मानलं नव्हतं, आणि त्यांचं त्यांनाही आता पुरतं खरं वाटेनासं झालं होतं. पाट, पट्टी आणि स्क्रू मूळचे आणि जहाज तेवढं बदललेलं, म्हणजे हे काम रात्री खिडकीतून आलेल्या चोराचं नव्हतं. ते घरातल्याच कुणीतरी निवांत बसून केलं होतं.

३

आसावरी बॅकयार्डात फोनवर होती. उपासनाला पाहून तिनं फोन ठेवला.

"ताई, प्लीज बाबांना एन्करेज करू नकोस. ऑगस्टभर ते माझ्याकडे होते, एकदम नॉर्मल. इथं आले आणि हे सुरू झालं."

"मग इथंच काहीतरी झालं असेल."

"काय होणार? कोण नेणार ते लाकूड? मलासुद्धा त्यांना असं सेंटरमध्ये ठेवायला बरं वाटत नाही. पण सुशांत म्हणतो, रात्री उठून भिंत चाचपत बसतात. उद्या गॅस चालू ठेवला तर?"

बोलता बोलता तिनं बाहीनं डोळे पुसले. उपासनाला वाटलं, हिचं रडू खरं आहे. पण खरं रडणारी माणसंही खोटं बोलताना तिनं पाहिली होती, म्हणून आसावरीला तिनं मनातल्या मनात बाजूला ठेवलं, सोडलं नाही.

सून राधिका किचनमध्ये पोहे भिजवत होती. जहाजाचं नाव काढताच तिनं नळ उगाचच पुन्हा सोडला. मंडळाच्या गणपतीचं मखर यंदा जहाजाचं होतं, हे सगळ्या शुगर लँडला माहीत होतं, आणि मखराची जबाबदारी होती राधिकेची. पाणी कुठंतरी मुरत होतं.

"मखरासाठी बाबांचं मॉडेल नेलं होतंस?"

"नाही." मग जरा थांबून ती म्हणाली, "विचारलं होतं सुशांतला. मंडळातला संग्राम म्हणत होता, मॉडेल मिळालं तर मापं घेऊन मस्त मखर करू. पण सुशांत इतका चिडला ना माझ्यावर, की बाबांच्या वस्तूला हात लावायचा नाही. मग आम्ही नेटवरून ड्रॉइंग घेतलं. आता बाबा असं म्हणतायत, तर सगळे माझ्याकडेच बघणार. म्हणून मी बोलले नाही, यार. दिवसभर तर मी गाडीतच असते. गणपतीच्या महिन्यात दहा वेळा डिकी उघडली असेल, कापडं काय, थर्माकोल काय. एवढी मोठी वस्तू कुठं लपवणार मी?"

सुशांत घरूनच काम करत होता. एनर्जी कंपनीत इंजिनिअर, सभ्य माणूस, आवाज कधी चढत नसे. उपासना दारात दिसताच त्यानं लॅपटॉप मिटला.

"उपासनाताई, तुम्ही पण? बोर्ड तोच आहे, प्लेट तीच आहे. ऑगस्टमध्ये म्हणाल तर मी इथं नव्हतोच. डेन्व्हरला होतो, प्रोजेक्टवर. माझी गाडीसुद्धा इथं नव्हती, एअरपोर्टच्या पार्किंगला पडून होती. विचारा राधिकाला."

उपासनानं त्याच्याकडे पाहिलं. तिनं ऑगस्टचं नाव काढलंच नव्हतं.

४

पण नुसत्या संशयावर कुणाला पकडता येत नाही. चोराच्या मनात चांदणं असतं हे खरं, पण साध्या भित्र्या माणसाच्याही मनात ते असतं. शिवाय आसावरी नुकतीच भावाशी बोललेली असू शकत होती. म्हणून उपासना दोन गल्ल्या पलीकडे संग्रामच्या घरी गेली.

संग्राम दिवसा रुग्णालयातली यंत्रं सांभाळायचा आणि सुट्टीत लाकूड कापायचा. त्याचं गॅरेज बैठकीच्या खोलीपेक्षा नीटनेटकं होतं. तिथं एसी होता, हवेतला ओलावा दाखवणारा काटा होता आणि कॉम्प्युटरवर चालणारं कोरीव यंत्र होतं. दार उघडं राहावं म्हणून खाली एक ठोकळा सरकवलेला होता. फिका थर, गडद थर, पुन्हा फिका.

उपासनानं तो उचलला. "हा कशातला उरलेला?"

"मखरातला."

"मखर थर्माकोलचं होतं, संग्राम."

त्यानं ठोकळा तिच्याकडून घेऊन बाकावर ठेवला. मग त्यानं हात झटकले. "मी शब्द दिलाय, उपासनाताई. नाव नाही सांगणार. मला सांगितलं गेलं, काकांना खरं जहाज परत द्यायचंय, भिंत रिकामी दिसायला नको म्हणून कॉपी हवी. सरप्राइज आहे. यात काय चुकलं माझं?"

"काही नाही. फक्त एवढं सांग, कॉपी मूळच्यापेक्षा लहान का केलीस?"

संग्रामचा चेहरा पडला. त्याच्या कामावर कुणी बोट ठेवलेलं त्याला खपत नसे. "लहान? शक्यच नाही. स्कॅन करून कापलंय. जसं हातात आलं तसं केलं, केसाचाही फरक नाही."

"नक्की?"

"पैज लाव."

उपासना बाहेर आली. ऑक्टोबर असला तरी टेक्सासचं ऊन ते, गाडीचं दार उघडताच भट्टीचं झाकण काढल्यासारखी वाफ अंगावर आली. स्टीअरिंगला हात लावला आणि तिनं तो चटकन मागे घेतला. डॅशबोर्डवर विसरलेली लाकडी फुटपट्टी तिनं उचलली. पट्टी धनुष्यासारखी वाकली होती.

ती तशीच उभी राहिली. मग आत न बसताच तिनं काकांना फोन लावला आणि सगळ्यांना हॉलमध्ये बसवून ठेवायला सांगितलं.

५

पोहे कुणी खाल्ले नाहीत. भिंतीवरचं जहाज पाटासकट काढून टीपॉयवर ठेवलं होतं. उपासनानं एकेकाला टॉर्चखाली ती गडद रेघ दाखवली. आसावरीनं पाहिली आणि पुन्हा वाकून बोटानं चाचपली.

"म्हणजे बाबा खरं बोलत होते?"

"पहिल्या दिवसापासून. ही कॉपी आहे, आणि संग्रामच्या यंत्रावर कापली आहे. संग्राम म्हणतो, हातात आलं तेवढंच कापलं, आणि त्याचं खोटं बोलण्याचं कारण नाही. मग कॉपी कमी का भरते? आणि कमी भरते ती फक्त उंचीला. लांबीला बरोबर बसते."

तिनं राधिकेकडे वळून विचारलं, "पावसाळ्यात आपल्याकडे दारं फुगतात, तेव्हा कुठं अडकतात?"

"बाजूला. चौकटीत."

"वरखाली नाही. लाकूड फुगतं ते आडवं आणि सुकतं तेही आडवं. लांबी हलत नाही. म्हणजे खरं जहाज संग्रामकडे पोचलं तेव्हा ते आधीच सुकून आटलं होतं. घरातल्या एसीला ते इतकी वर्षं सरावलेलं होतं, आणि संग्रामच्या गॅरेजमध्ये लाकडाची बाळासारखी काळजी घेतात. या दमट गावात जुनं लाकूड इतकं सुकेल अशी एकच जागा आहे. भर ऑगस्टच्या उन्हात, काचा लावून उभी असलेली गाडी. तीही तासभर नाही, कितीतरी दिवस."

तिनं टॉर्च विझवून टीपॉयवर ठेवला.

"चोराला कॉपी करायची असती तर त्यानं धडधाकट जहाजाची केली असती. ही कॉपी झाली ती जहाज बिघडल्यावर, बिघडल्याचं झाकायला. आसावरी तेव्हा काकांबरोबर नेपरव्हिलला होती. राधिकेची गाडी दिवसभर फिरत होती, एसी लावून, डिकी सारखी उघडत. हलली नाही अशी एकच गाडी होती. ती एअरपोर्टच्या पार्किंगला पडून होती. हे मला गाडीच्या मालकानंच सांगितलं, मी विचारायच्या आत."

सगळ्यांच्या नजरा सुशांतकडे वळल्या. तो आपल्या हातांकडे बघत होता.

६

"मला त्याला पेटी करून घ्यायची होती," तो म्हणाला. "बाबा नेपरव्हिलला असताना, त्यांची खोली बंद होती तेव्हा. काचेची, मखमल लावलेली. संडरलंडहून ती बाई येईल तेव्हा बाबांनी पेटीतून द्यावं म्हणून. संग्रामकडे ड्रॉप करून एअरपोर्टला जाणार होतो. उशीर झाला. म्हटलं, आल्यावर देऊ. डेन्व्हरला गेल्यावर डोक्यातूनच गेलं. आलो, डिकी उघडली, तर..."

तो उठला आणि आतून टॉवेलात गुंडाळलेलं काहीतरी घेऊन आला. टीपॉयवर उलगडलं. थर सुटे झाले होते, दोन पार चिरले होते, खुंट्या ढिल्या पडून बाजूला घरंगळल्या. काकांनी एकेक थर उचलून बोटांनी चाचपला. खंडेनवमीनंतर पहिल्यांदाच त्यांचे हात स्थिर होते. हेच ते, हे त्यांच्या हातांना कळलं होतं.

"बाबा, मी तेव्हाच सांगायला हवं होतं. पण तुम्ही त्या पूजेच्या दिवशी सगळ्यांसमोर म्हणालात, हे माझं नाही. आणि माझ्या तोंडून निघून गेलं, तुम्हाला भास होतोय. मग राधिकानं ते ऐकलं, आसावरीला कळलं. रोज वाटायचं, आज सांगू. रोज ते अवघड होत गेलं."

"डॉक्टरांना पण तूच सांगितलंस," आसावरी म्हणाली. तिचा आवाज बर्फासारखा होता. "मी त्यांच्यासाठी खोली बुक केली, सुशांत. तू मला करू दिलीस."

 राधिका नवऱ्याकडे अनोळखी माणसाकडे बघावं तशी बघत होती.

"लाकूड आहे, फुटतं," काका अखेर म्हणाले. "यार्डात अख्खी जहाजं वाकडी झालेली पाहिली मी. पुन्हा बसवायची. हे तर सुटं करायलाच बनवलेलं. जॉर्जच्या नातीला मी हे तुकडेच देईन, आणि कसे फुटले तेही सांगेन. तिला राग येईल, मग जाईल." त्यांनी थर टॉवेलावर ओळीनं मांडले. "पण मी रात्री उठून भिंत का चाचपत होतो, माहितेय तुला? मला वाटलं, खरंच माझं डोकं कामातून चाललंय. मी माझ्याच हातांवर विश्वास ठेवेनासा झालो होतो. तू शेजारच्या खोलीत जागा होतास. ऐकत होतास."

सुशांत रडायला लागला. काकांनी त्याला थांबवलं नाही आणि जवळही घेतलं नाही. उपासनाला उठून जावंसं वाटत होतं. तिचं काम संपलं होतं, आणि बोटीच्या कामात यापुढचं काही पाहावं लागत नसे.

"उद्याची अपॉइंटमेंट मी कॅन्सल करतो," सुशांत डोळे पुसत म्हणाला. "आत्ता मेसेज टाकतो."

"नाही," काका म्हणाले. "उद्या जायचं. माझी सगळी टेस्ट होऊ दे. आणि तू आत यायचंस, माझ्या शेजारी बसायचंस आणि डॉक्टरांना सगळं सांगायचंस. पहिल्यापासून. कोणाला काय भास झाला तेही. त्यांच्या कॉम्प्युटरवर माझ्या नावापुढं जे लिहिलंय, ते तुझ्या तोंडून पुसलं गेलं पाहिजे."

सुशांतनं मान हलवली. "हो बाबा. साडेआठला निघू या, मी गाडी काढतो."

"तू तुझ्या गाडीनं ये," काका म्हणाले. "मी आसावरीबरोबर जाईन."